‘फिजिओथेरपी सल्ल्यानुसार’ — पण कुणाच्या?

ऑपरेशनबद्दल माझी काहीच तक्रार नाही. उजव्या खांद्यातला रोटेटर कफ, म्हणजे सांध्याभोवतीचा हात उचलणारा स्नायूंचा पट्टा, फाटून निकामी झाला होता, सांधा झिजला होता, वेणी घालायलाही हात वर जात नव्हता. सांधा बदलायचं ‘रिव्हर्स रिप्लेसमेंट’ झालं, टाके निघाले. राग आहे तो डिस्चार्ज कार्डावर. निदानाच्या रकान्यात नुसतं ‘शोल्डर रिप्लेसमेंट’, ‘रिव्हर्स’ गाळलेलं. आणि खाली एक ओळ: ‘फिजिओथेरपी सल्ल्यानुसार’.

एका शब्दानं काय बिघडतं? पुष्कळ बिघडतं. एरवी गोळा दंडाच्या हाडाला असतो आणि वाटी खांद्याच्या फऱ्याला. रिव्हर्समध्ये गोळा फऱ्यावर बसवतात, वाटी दंडावर. फ्रान्सच्या पॉल ग्रामाँ यांनी १९८५ च्या सुमारास ही रचना रुळवली. फाटलेल्या कफचं काम मग बाहेरचा डेल्टॉइड स्नायू करतो. पण हात मागे नेऊन आत वळवला, तर हा सांधा निसटू शकतो. म्हणजे पदर कमरेला मागे खोचतो, तीच हालचाल. साधारण १२ आठवडे तिला बंदी.

हे मला सर्जननी तोंडी सांगितलं होतं. कोथरूडमधल्या आमच्या फिजिओ मुलीनं मात्र कार्ड वाचलं आणि फ्रोझन शोल्डरसारखा (आखडलेल्या खांद्याला देतात तसा) पाठीमागून टॉवेल ओढायचा व्यायाम काढला. मी नाही म्हटलं. ती म्हणाली, “काकू, कार्डावर तसं काही नाही. लेखी आणा, मी तसंच करते.” तिचं बरोबरच होतं.

मग सुरू झाल्या हॉस्पिटलच्या फेऱ्या. गळ्यात स्लिंग, रिक्षा पौड रोडच्या प्रत्येक खड्ड्यातून, आणि ओपीडीत ‘सर ओटीत आहेत’, म्हणजे ऑपरेशन थिएटरात. निवासी डॉक्टर म्हणाले, व्यायामाचा प्रोटोकॉल (कधी काय करायचं ते) फिजिओ विभाग देतो. फिजिओ विभाग म्हणाला, आम्ही ॲडमिट पेशंटचंच बघतो, बाहेरच्यांना सर्जन लिहून देतात. काउंटरवरची बाई म्हणाली, नवीन केसपेपर काढा. काढला. पुढच्या खेपेला तो जुना झाला होता! आमचे हे म्हणाले, “जाऊ दे, हळूहळू होईल.” हळूहळू काय होणार? स्लिंग निघायची वेळ आली होती आणि पुढे काय करायचं, ते कुणीच लिहून देत नव्हतं.

शेवटी बँकेतली सवय कामी आली. एका कागदावर प्रश्न लिहिले: स्लिंग कधी काढायची, दुसऱ्या हाताच्या आधारानं कधीपर्यंत, स्वतःच्या जोरावर कधी, मागे कधी, वजन कधी. प्रत्येकापुढे जागा कोरी ठेवली. ओटीतून बाहेर येणाऱ्या सर्जनसमोर कागद आणि पेन धरलं. त्यांनी उभ्याउभ्या भरून सही-शिक्का दिला. डिस्चार्जच्याच दिवशी असा कागद पुढे करा, आणि ‘रिव्हर्स’ शब्द कार्डावर लिहून घेतल्याशिवाय तिथून हलू नका.

त्यानंतरचं सोपं नव्हतं, पण सरळ होतं. बोटं, मनगट, कोपर पहिल्यापासून हलवायचे. ओणवं होऊन हात लोंबता ठेवून झुलवायचा. सहा आठवड्यांनी स्लिंग निघाली, मग दोन्ही हातांत काठी धरून उताणं झोपून वर. झोपून हात छान जायचा, उभं राहिलं की खांद्याच्या खालीच अडायचा आणि खांदा कानाकडे चढायचा. म्हणून आरशासमोर करा. हाताचा भार झोपलेल्या अवस्थेत कमी पडतो, त्यामुळे आधी उताणं, मग टेकून, मग उभं, या क्रमानंच जोर येतो. घाईनं वजनं उचलू नका. खांद्याच्या माथ्यावर नवीन दुखणं आलं तर लगेच दाखवा, तिथल्या हाडाला ताणानं बारीक तडा जाऊ शकतो.

झोपताना कोपराखाली उशी हवीच, आपलं कोपर आपल्याला दिसलं पाहिजे. खुर्चीतून उठताना त्या हातानं रेटा द्यायचा नाही.

आता वरच्या फळीवरचा डबा मी स्वतः काढते. मागे हात कमरेच्या बाजूपर्यंतच जातो. तो कदाचित तिथेच राहील, हे सर्जननी आधीच सांगितलं होतं.

हो, मेडिक्लेम! घरी आल्यानंतरचा खर्च बऱ्याच पॉलिसींत ६० दिवसांपुरताच मिळतो, आणि त्यातले सहा आठवडे स्लिंगमध्येच जातात. त्यामुळे त्या सहीच्या कागदावर फिजिओची किती सत्रं, हेही लिहून घ्या. माझी बिलं टीपीएनं (विमा कंपनीसाठी दावे तपासणारी संस्था) ‘लेखी सल्ला जोडा’ म्हणून परत पाठवली होती.