दशांश भागाकार शिकवताना : चिन्हाची जागा आणि हरवलेलं शून्य

सोलापुरात सहावी-सातवीच्या मुलांना दशांश अपूर्णांकाला पूर्ण संख्येने भागायला शिकवताना मी आता एक क्रम पक्का धरते. साधा भागाकार येणाऱ्याला हाही जमतो. घोळ होतो तो दोन जागी : दशांशचिन्ह कुठे द्यायचं आणि शून्य कधी लिहायचं.

मांडणीच्या आधी अंदाज. ७.३५ ला ५ ने भागायचं असेल, तर ही संख्या ५ आणि १० यांच्या मधली, म्हणून उत्तर १ आणि २ यांच्या मधलं. एवढं वहीच्या कोपऱ्यात लिहूनच पुढे जायचं. मग १४.७ किंवा ०.१४७ असं काही आलं, तर मूल आपणहून थांबतं.

मांडणी चौकटींच्या वहीत, एका चौकटीत एक अंक, आणि भागाकार भाज्याच्या डोक्यावर. घरी मोठी माणसं भागाकार उजवीकडे कंसाबाहेर लिहितात. पूर्ण संख्यांना ते चालून जातं, पण दशांशात स्थानं एकाखाली एक राहत नाहीत आणि चिन्ह निसटतं. उजवीकडेच लिहायची सवय असेल, तर दशांशाचा पहिला अंक खाली उतरवण्याआधी भागाकारात चिन्ह देऊन टाकायचं.

आता ७.३५ ÷ ५. सात एककांत पाच एकदा, बाकी २ एकक. चिन्ह द्यायचं. २ एकक म्हणजे २० दशांश, त्यात ३ मिळवले की २३ दशांश. पाच चोक वीस, बाकी ३ दशांश, म्हणजे ३० शतांश. त्यात ५ मिळवून ३५, पाच सत्ते पस्तीस. उत्तर १.४७. सुरुवातीला मुलांनी ‘दशांश’, ‘शतांश’ हे मोठ्याने म्हणावं असा माझा आग्रह असतो. नुसतं ‘तीन उतरवला’ म्हणणाऱ्याला आपण कोणत्या घरात आहोत हे कळत नाही.

सगळ्यात जास्त वेळ मी देते तो मधल्या शून्याला. ६.१२ मीटर टॉवेलच्या कापडाचे ३ सारखे तुकडे करायचे. सहात तीन दोनदा, चिन्ह, मग १ दशांश उतरवला. एकात तीन जात नाहीत. इथे मूल थेट २ उतरवून बारा करतं, तीन चोक बारा म्हणतं आणि उत्तर लिहितं २.४. दशांशाच्या घरात भाग गेला नाही, तर त्या घरात ० लिहावंच लागतं. खरं उत्तर २.०४ मीटर. ताळा केला की चूक उघडी पडते : २.४ × ३ = ७.२, म्हणजे होतं त्याहून जास्त कापड! माझा नियम असा, की चिन्हानंतर उतरवलेल्या प्रत्येक अंकामागे भागाकारात एक अंक पडलाच पाहिजे, भाग जावो न जावो.

हीच चूक सुरुवातीलाही होते. ०.२५२ किलो शेंगाचटणी ६ जणांत वाटायची, तर पुष्कळ जण ०.४२ लिहितात. दोन दशांशात सहा जात नाहीत, म्हणून चिन्हानंतर आधी शून्य. उत्तर ०.०४२ किलो. ग्रॅममध्ये पाहिलं की शंका उरत नाही : २५२ ÷ ६ = ४२ ग्रॅम.

बाकी उरली की पुढची अडचण. ७.५ किलो ज्वारीचे ४ भाग करताना ‘१.८, बाकी ३’ असं लिहून थांबतात. ती बाकी ३ नसून ३ दशांश आहे, म्हणजे ३०० ग्रॅम. ७.५ म्हणजेच ७.५००, हे आधी पटवावं आणि मग शून्यं उतरवावीत : ३० शतांशांत चार सातदा, बाकी २, २० सहस्रांशांत चार पाचदा. उत्तर १.८७५ किलो. शून्य फक्त चिन्हानंतरच्या शेवटच्या अंकापुढे द्यायचं. ७.५ चं ७.०५ करून बसलेली मुलंही मला भेटतात.

१० आणि १०० ने भागताना मांडणी नको. चिन्ह एक किंवा दोन घरं डावीकडे : ४.७ ÷ १०० = ०.०४७.

काही भागाकार संपतच नाहीत. २.५ ÷ ३ मध्ये ०.८३३३… असं तीनच येत राहतात. किती स्थळांपर्यंत उत्तर हवं ते आधी ठरवावं आणि एक स्थळ जास्त काढून पाहावं. तो अंक ५ किंवा मोठा असेल तर आधीचा एकाने वाढवायचा. पैशांत दोन स्थळं पुरतात. ८५.५० रुपये १२ जणांत वाटले तर ७.१२५, म्हणजे ७.१३ रुपये. ताळ्यात मात्र ७.१३ × १२ = ८५.५६ येईल. हे सहा पैसे पूर्णांकनाचे आहेत. त्यासाठी भागाकार खोडू नये, आणि तपासणाऱ्यानेही त्याचे गुण कापू नयेत.