उरल्यासुरल्याची फोडणी

कॉन्चेर्टो, म्हणजे पाश्चात्त्य संगीतातली एक वादक आणि ऑर्केस्ट्रा यांच्यासाठीची, बहुधा तीन भागांची मोठी रचना, ऐकायचा तर निदान अर्धा तास मोकळा हवा, आणि मध्ये कुकरच्या शिट्ट्या नकोत. सकाळी यातलं काहीच जमत नाही. म्हणून तेव्हा माझी भिस्त असते छोट्या रचनांवर. एक व्हायोलिन, मागे ऑर्केस्ट्रा, आणि आठ-दहा मिनिटांत कारभार आटोपलेला. रोमान्स, मेडिटेशन, रोन्दो अशी काहीतरी त्यांची नावं असतात. मैफिलीत त्यांना फारसा मान नसतो. मुख्य कॉन्चेर्टोच्या आगेमागे जागा असेल तिथे त्यांना बसवतात.

मला मात्र त्यांच्या जन्मकथांचा नाद लागलाय. कारण यातल्या कितीतरी रचना चक्क शिळ्या पोळीच्या आहेत! आदल्या दिवशीची पोळी कुस्करून, मोहरी-कांद्याची फोडणी देऊन जे होतं, त्यासाठी आमच्या घरी मुद्दाम पोळ्या जास्त लाटल्या जातात. तसंच काहीसं.

रशियन संगीतकार चायकोव्हस्कीचंच बघा. 1878 साली स्वित्झर्लंडमधल्या क्लॅरन्स गावी त्याने व्हायोलिन कॉन्चेर्टो लिहायला घेतला. सोबत भाऊ मोदेस्त आणि तरुण व्हायोलिनवादक कोतेक होते. कॉन्चेर्टोचा मधला संथ भाग काही जमला नाही, असं तिघांचंही मत पडलं. चायकोव्हस्कीने एका दिवसात नवा भाग लिहून टाकला. जुना मात्र फेकला नाही. व्हायोलिन आणि पियानोसाठीच्या तीन तुकड्यांच्या संचात त्याला पहिली जागा दिली, तेच ‘मेडिटेशन’. ऑर्केस्ट्राची साथ त्याला पुढे ग्लाझुनोव्ह या दुसऱ्या रशियन संगीतकाराने बसवून दिली. संचाचं नाव ‘एका लाडक्या जागेची आठवण’. ती जागा म्हणजे युक्रेनमधलं ब्राइलोव्हो, जिथे तो नंतर पाहुणा म्हणून राहिला. म्हणजे सूर एका गावचे आणि आठवण दुसऱ्याच गावची. पण काय सूर आहेत! कॉन्चेर्टोत हा भाग कदाचित जड झाला असता. पुढचा धावता भाग येण्याची वाट बघत बसलो असतो आपण. सुटा ऐकताना तशी घाई नसते.

मोत्झार्टच्या पाचव्या कॉन्चेर्टोचा संथ भाग साल्झबुर्गच्या ब्रुनेत्ती नावाच्या वादकाला फार कृत्रिम वाटला, म्हणून त्याच्यासाठी 1776 साली वेगळा ‘अडाजिओ’, म्हणजे संथ तुकडा, लिहिला गेला. आज मूळ भाग आपल्या जागी सुखात आहे आणि बदलीवर आलेला अडाजिओ एकटाच फिरतो. फ्रेंच संगीतकार सँ-साँसचा ‘इंट्रोडक्शन अँड रोन्दो काप्रिच्चिओसो’ हाही आधी पहिल्या कॉन्चेर्टोचा शेवट म्हणून योजलेला. तो सुटा झाला आणि कॉन्चेर्टोपेक्षा कितीतरी जास्त वाजतो. मुलगा बापाच्या पुढे गेला म्हणायचं.

माझा सगळ्यात लाडका तुकडा मात्र उरलेला नाही, टाळलेला आहे. बेल्जियमचा थोर वादक इझाई याने फ्रेंच संगीतकार शोसोंकडे कॉन्चेर्टो मागितला. शोसों मुळातच भिडस्त आणि स्वतःविषयी सदा साशंक. कॉन्चेर्टो म्हणजे भलतंच अवघड काम, छोटं काही जमेल, असं त्याने कळवलं. आणि 1896 साली ‘पोएम’ लिहिली. ही आठ मिनिटांची नाही, चांगली पंधरा-सोळा मिनिटांची आहे. कुकर उतरवल्यावरच लावते. ऑर्केस्ट्रा सुरुवातीला अंधार पसरून ठेवतो आणि मग व्हायोलिन अगदी एकटं बोलू लागतं, साथीला कुणी नाही. वादकाची कसोटी मला या चार ओळींतच दिसते. पुढचं वेगाचं काम बरेच जण निभावतात.

प्रकाशक ही रचना छापायला फारसा उत्सुक नव्हता. तेव्हा शोसोंचा स्पॅनिश मित्र अल्बेनिझ याने छपाईचा खर्च गुपचूप स्वतः उचलला, आणि वर शोसोंला मानधन म्हणून द्यायलाही आपल्याच खिशातले पैसे प्रकाशकाकडे ठेवले. आपली रचना कुणीतरी विकत घेतली म्हणून शोसोंला हुरूप आला. 1899 साली सायकलच्या अपघातात तो गेला, वय अवघं 44. ते पैसे कुणाचे होते, हे त्याला कधीच कळलं नाही.