क्रोएशियाचं पर्यटन : दोन महिन्यांची कमाई, बारा महिन्यांचा खर्च

क्रोएशियाच्या पर्यटनाचा आकडा कुणी सांगितला की आधी विचारायचं, कुठला आकडा? २०२४ सालासाठी दोन आकडे फिरतात. एक म्हणतो २ कोटी १३ लाख पर्यटक आणि १० कोटी ८७ लाख मुक्काम. दुसरा म्हणतो २ कोटी २ लाख पर्यटक आणि ९ कोटी ३७ लाख मुक्काम. दोन्ही बरोबर आहेत. पहिला ‘ई-व्हिजिटर’ या नोंदणी यंत्रणेतून येतो. त्यात स्वतःच्या सुट्टीच्या घरात राहायला आलेला ऑस्ट्रियन, मामाकडे उतरलेला भाचा आणि बोटीवर झोपणारेही धरलेले असतात. दुसरा देशाच्या सांख्यिकी खात्याचा, आणि तो फक्त पैसे घेऊन जागा देणाऱ्या निवासांचा.

शिवाय ‘पर्यटक’ म्हणून मोजली जातात ती खरं तर ‘आगमनं’, आणि ‘आगमन’ म्हणजे माणूस नव्हे. एखादं जोडपं झादरला दोन रात्री, स्प्लिटला दोन आणि दुब्रोव्हनिकला दोन राहिलं, तर माणसं दोन, पण आगमनं सहा आणि मुक्काम (माणशी एक रात्र) बारा. मुक्कामांचा आकडा म्हणूनच जास्त विश्वासाचा. आगमनं वाढली आणि मुक्काम जागच्या जागी राहिले, तर माणसं कमी दिवस राहू लागली आहेत एवढाच त्याचा अर्थ. २०१९ मध्ये मुक्काम १० कोटी ८६ लाखांच्या आसपास होते, २०२४ मध्येही तिथेच आहेत. ‘विक्रमी वर्ष’ अशी बातमी वाचताना हे डोक्यात असू द्यावं.

पैशाचा भाग मात्र खरंच मोठा आहे. २०२३ मध्ये परदेशी पाहुण्यांकडून सुमारे १,४६० कोटी युरो आले. ३८ लाख ७० हजार लोकवस्तीच्या देशात ही रक्कम राष्ट्रीय उत्पन्नाच्या जवळपास पाचवा हिस्सा होते. युरोपीय संघात इतकं पर्यटनावर विसंबलेलं राष्ट्र क्वचितच सापडेल. देशाचा मालाचा व्यापार कायम तुटीत असतो, आयात निर्यातीपेक्षा बरीच जास्त, आणि ती तूट भरून काढतो तो किनारा. २०२० मध्ये कोविडने पाहुणे थांबले तेव्हा अर्थव्यवस्था एका वर्षात ८ टक्क्यांहून जास्त आकसली.

यातली खरी मेख कॅलेंडरमध्ये आहे. वर्षातले निम्म्याहून जास्त मुक्काम जुलै आणि ऑगस्ट या दोनच महिन्यांत होतात. पगार, घरभाडं, पाणी, रस्ते, कामगार, सगळ्याचा आकार या दोन महिन्यांनी ठरतो. पर्यटक ‘किती आले’ यापेक्षा ‘कधी आले’ हा प्रश्न मला जास्त महत्त्वाचा वाटतो.

हे असं का झालं, त्याला इतिहास आहे. क्रोएशिया युगोस्लाव्हियाचा भाग होता त्या काळात किनाऱ्यावर मोठी सरकारी हॉटेलं आणि कामगारांची विश्रामगृहं होती, आणि शेजारी घराघरांत खोल्या भाड्याने. रस्त्यावर ‘झिमर फ्राय’ (खोली रिकामी आहे) अशी जर्मन पाटी, कारण पाहुणा म्युनिक किंवा व्हिएन्नाहून गाडी घेऊन यायचा. १९८७ मध्ये क्रोएशियात ६ कोटी ८० लाखांच्या आसपास मुक्काम झाले होते. १९९१ मध्ये युद्ध पेटलं आणि तोच आकडा १ कोटीच्या घरात आला. युद्धानंतर हॉटेलांच्या खासगीकरणाचं घोंगडं वर्षानुवर्षं भिजत पडलं. जर्मनीत राबून साठवलेले पैसे घेऊन लोक परतले आणि घरावर मजला चढवत गेले. आज पर्यटकांच्या एकूण खाटांपैकी निम्म्याहून बऱ्याच जास्त घरगुती निवासात आहेत, खालोखाल कॅम्प, आणि हॉटेलांचा वाटा त्यामानाने लहान. हॉटेल चालवायचं तर मालकाला वर्षभर माणसं आणि पाहुणे लागतात. घरमालकाला त्याची गरज नसते, सप्टेंबरात तो कुलूप लावून मोकळा होतो.

अशा एका घराचा हिशेब मांडू. आकडे नमुन्याचे आहेत, रचना मात्र खरी. चार खाटांचं अपार्टमेंट, रात्रीला १०० युरो, हंगामात ६० रात्री भरल्या. जमा ६,००० युरो. आरक्षण संकेतस्थळाचं कमिशन १५ टक्के, म्हणजे ९०० गेले. नवखा मालक अडकतो तो याच्या पुढच्या पायरीवर. कमिशन घेणारी कंपनी परदेशी असल्यामुळे त्या कमिशनवरचा २५ टक्के मूल्यवर्धित कर मालकाने स्वतः क्रोएशियाच्या तिजोरीत भरायचा असतो. त्यासाठी वेगळा कर क्रमांक काढावा लागतो आणि महिन्याचं विवरण द्यावं लागतं. म्हणजे आणखी २२५. खाटेमागचा ठोक कर (कमाई कितीही असो, वर्षाला ठरलेली रक्कम) नगरपालिका ठरवते. १०० युरो धरला तर चार खाटांचे ४००. पाहुणे सरासरी सहा रात्री राहिले तर दहा वेळा साफसफाई, ४० युरो दराने ४००. चादरी, वीज (एसी दिवसरात्र चालतो), पाणी, मोडतोड मिळून ८०० धरा. हातात उरतात ३,२७५ युरो. २०२४-२५ मध्ये देशातला सरासरी निव्वळ पगार महिन्याला १,३०० ते १,४५० युरोच्या दरम्यान होता, म्हणजे ही साधारण अडीच महिन्यांच्या पगाराएवढी रक्कम. कुटुंबाला मोठा आधार, पण त्यावर वर्ष निघत नाही. पाहुण्याची नोंद आल्यापासून २४ तासांत ई-व्हिजिटरवर व्हायला हवी. ती राहून गेली आणि तपासनीस दारात आला, तर दंडात त्यातलाही मोठा घास जातो.

मग मालक काय करतो? स्प्लिट आणि झादर ही विद्यापीठांची गावं. तिथे तेच घर ऑक्टोबर ते मे विद्यार्थ्यांना देतात आणि जूनच्या सुरुवातीला रिकामं करायला सांगतात. विद्यार्थ्यांच्या परीक्षा नेमक्या जूनमध्ये असतात. बाराही महिने घर भाड्याने हवं असलेल्या शिक्षिकेला, परिचारिकेला, नव्या जोडप्याला मात्र किनाऱ्यावर घर मिळणं दुरापास्त झालंय. माझ्या मते पर्यटनाची सर्वांत जड किंमत हीच आहे, आणि ती राष्ट्रीय उत्पन्नाच्या तक्त्यात कुठेच दिसत नाही.

सरकारला हे कळलेलं आहे. २०२५ पासून खाटेमागचा ठोक कर २० ते ३०० युरोच्या पट्ट्यात गेला. गाव पर्यटनात जितकं पुढे तितका दर चढा. त्याच वर्षी स्थावर मालमत्तेवर चौरस मीटरला ६० सेंट ते ८ युरो असा कर आला. ज्या घरात मालक स्वतः कायम राहतो किंवा जे वर्षातले किमान दहा महिने दीर्घ भाड्याने दिलेलं असतं, त्याला माफी आहे. दिशा योग्य, मात्रा कमी. कमाल दराने चार खाटांचे १,२०० युरो होतात. समुद्रासमोरचं घर रात्रीला २५० युरोने जात असेल, तर पाच रात्रींच्या आत ते सुटतात. इतक्यावरून कुणी घर विद्यार्थ्याला वर्षभर देणार नाही.

दोन महिन्यांच्या आतसुद्धा एक वार सगळ्यांवर भारी पडतो, शनिवार. अपार्टमेंट शनिवार ते शनिवार द्यायची पद्धत जुनी आहे आणि शिडाच्या बोटींचा धंदा तर पूर्णपणे त्यावरच चालतो. बोट शुक्रवारी संध्याकाळी मरिनात, म्हणजे बोटींच्या धक्क्यावर, परत आणायची, शनिवारी सकाळी नऊच्या सुमारास उतरायचं, दुपारी पाचच्या आसपास नवे पाहुणे चढणार. मधल्या आठ तासांत इंजिन, शिडं, दोर, शौचालयाचा पंप यांची तपासणी, धुलाई, चादरी. एकाच मरिनात शेकडो बोटी एकाच दिवशी. डिझेल भरून परत करायची अट असल्यामुळे शुक्रवारी दुपारनंतर पंपाशी बोटींची रांग लागते. जाणते लोक गुरुवारीच जवळच्या बेटावर टाकी भरतात आणि शुक्रवारी फक्त वरची भर घालतात. जमिनीवर तेच चित्र राजधानी झाग्रेबबाहेरच्या लुच्को टोलनाक्यावर दिसतं. साफसफाईच्या बायांना शनिवारी चार घरं असतात आणि मंगळवारी एकही नसतं. मालकांनी येण्याजाण्याचे वार मोकळे सोडले तर अर्धा गोंधळ कमी होईल. पण मग मध्ये एकदोन रात्री रिकाम्या जायची भीती असते आणि ६० रात्रींच्या हिशेबात दोन रात्रीही जड वाटतात.

पाण्याचं गणितही याच साच्यातलं. ब्राच आणि ह्वार या बेटांना मुख्य भूमीवरून समुद्राखालच्या नळाने पाणी येतं. ते नळ, पंप, सांडपाण्याचं केंद्र, सगळं ऑगस्टच्या गर्दीच्या मापाने बांधायचं आणि फेब्रुवारीत मूठभर रहिवाशांसाठी चालवायचं. फेरीचंही तसंच. यादरोलिनिया ही सरकारी कंपनी हिवाळ्यात जवळपास रिकाम्या फेऱ्याही चालू ठेवते, कारण बेटावरच्या माणसाला दवाखाना गाठायचा असतो. त्यासाठी सरकारी तिजोरीतून अनुदान जातं. हा खर्च ‘पर्यटनाचा खर्च’ म्हणून कुणी लिहीत नाही.

कामगारांची गोष्ट आपल्यालाही जवळची आहे. २०११ च्या जनगणनेत ४२ लाख ८० हजारांच्या वर असलेली लोकसंख्या २०२१ मध्ये ३८ लाख ७० हजारांवर आली. २०१३ मध्ये युरोपीय संघात प्रवेश झाला आणि तरुण मुलं आयर्लंड, जर्मनीकडे निघाली. त्यांच्या जागी नेपाळ, फिलिपीन्स, भारत इथले लोक आले. २०२४ मध्ये २ लाखांहून अधिक कामाचे परवाने दिले गेले, बांधकाम आणि पर्यटन मिळून मोठा भाग. आपल्याकडून कुणी हॉटेल व्यवस्थापन शिकून तिकडे जायचा विचार करत असेल, तर दोन गोष्टी आधी पाहाव्यात. परवान्याचा अर्ज क्रोएशियातला मालक करतो, इथला एजंट नव्हे, त्यामुळे मालकाचं नाव आणि करार हातात आल्याशिवाय पैसे देऊ नयेत. दुसरं, करार हंगामी आहे की वर्षभराचा, आणि राहायची जागा पगारातून कापली जाणार आहे का, हे लेखी घ्यावं.

१ जानेवारी २०२३ ला देश एकाच दिवशी युरो चलनात आणि शेंगेनमध्ये, म्हणजे आपसातल्या सीमांवर तपासणी नसलेल्या युरोपीय देशांच्या गटात, गेला. जर्मन पाहुण्याची सोय झाली, पण त्याला किंमतींची तुलनाही सोपी झाली. कॉफी, जेवण, समुद्रकाठची खुर्ची, सगळं इटलीच्या भावात आल्याची तक्रार तेव्हापासून सुरू झाली. स्थानिक माणूस त्याच दुकानात वर्षभर खरेदी करतो. २४ जानेवारी २०२५ ला ग्राहकांनी दुकानांवर बहिष्काराचा दिवस पाळला, तो या रागातूनच.

दुब्रोव्हनिकबद्दल थोडक्यात. तटबंदीच्या आतल्या गावात १९९१ मध्ये सुमारे ५,००० माणसं राहायची, आता दीड हजाराच्या आसपास. शहराने एका वेळी दोनच क्रूझ जहाजं घेण्याची मर्यादा घातली आणि जुन्या गावात नवे घरगुती निवास परवाने थांबवले. क्रूझचा प्रवासी जेवतो जहाजावर, झोपतो जहाजावर, गावाला देतो ती गर्दी. इथे शहराने घेतलेली भूमिका मला पूर्ण पटते.

जायचं असेल तर मेचा शेवट, जूनचा पहिला पंधरवडा किंवा सप्टेंबर धरा. सप्टेंबरात समुद्र अजून उबदार असतो आणि भाडी उतरलेली असतात. प्लित्वित्सेच्या तळ्यांचं तिकीट २०२५ मध्ये उन्हाळ्यात ४० युरो आणि हिवाळ्यात १० होतं; ते प्रवेशाची वेळ ठरवूनच मिळतं, म्हणून आदल्या आठवड्यात काढून ठेवा. क्रका उद्यानात स्क्रादिन्स्की बुक धबधब्याखाली पोहायला २०२१ पासून बंदी आहे, जुने फोटो पाहून पोहायचे कपडे नेऊ नका.

व्हिसा घेताना एकदाच प्रवेशाचा आहे की अनेकदा, हे नीट पाहा. स्प्लिटहून दुब्रोव्हनिकला जाणारा जुना रस्ता नेउम इथे काही किलोमीटर बोस्नियातून जातो आणि बोस्निया शेंगेनमध्ये नाही. एकदाच प्रवेशाचा व्हिसा असेल तर त्या पट्टीत शिरल्यावर परत येणं अडचणीचं होतं. जुलै २०२२ मध्ये पेल्येशात्सचा २.४ किलोमीटरचा पूल सुरू झाल्यापासून ही सीमा टाळता येते. बसचं तिकीट काढताना गाडी पुलावरून जाते की नेउमवरून, हे विचारून घ्या. बोस्नियातल्या मोस्तारची किंवा माँटेनेग्रोतल्या कोटोरची एका दिवसाची सहल डोक्यात असेल तर अनेक प्रवेशांचाच व्हिसा मागा, आणि बोस्निया, माँटेनेग्रो यांचे स्वतःचे नियम वेगळे तपासा.