कॅसँड्राची मंजुरी आणि ‘दोन्ही हवे’ हा शेरा

आमच्या बस-आरक्षणाची माहिती कॅसँड्रा या, अनेक यंत्रांवर माहितीच्या प्रती ठेवणाऱ्या डेटाबेसवर नेताना तांत्रिक काम फारसे अडले नाही; अडले ते कंपनीच्या आराखडा-समितीच्या अर्जापाशी. त्यात ‘सुसंगती’ (सर्वांना एकच ताजी माहिती दिसणे) आणि ‘उपलब्धता’ (प्रत्येक विनंतीस उत्तर मिळणे) असे दोन रकाने होते आणि त्यांपुढे काहीही लिहिले, तरी अर्ज ‘दोन्ही शंभर टक्के हवे’ एवढ्या शेऱ्यानिशी परत येत असे. एरिक ब्रूअर यांनी 2000 साली मांडलेला आणि गिल्बर्ट व लिंच यांनी 2002 मध्ये सिद्ध केलेला ‘कॅप’ सिद्धान्त मी अर्जास जोडला; यंत्रांमधली जोडणी तुटली असता ही दोन्ही एकदम पूर्ण मिळत नाहीत, असे तो सांगतो. पुढच्या खेपेस शेरा अक्षरशः तोच होता.

मुंबई आणि हैदराबाद येथील डेटा सेंटरांत प्रत्येकी तीन, म्हणजे एकूण सहा प्रती ठेवायच्या होत्या आणि सहांचा क्वोरम, म्हणजे विनंती पुरी होण्यास लागणारे प्रतींचे बहुमत, चारांचा होतो. मधली जोडणी तुटली की कोणत्याही बाजूस तीनच प्रती हाताशी राहतात, त्यामुळे सर्व यंत्रे सुरळीत चालू असूनही क्वोरमने केलेली विनंती दोन्हीकडे नाकारली जाते. ‘लोकल क्वोरम’, म्हणजे फक्त त्याच डेटा सेंटरातले बहुमत, ठेवल्यास दोन प्रतींवर भागते. मात्र तेच आसन मुंबईत एकाला आणि हैदराबादेत दुसऱ्याला विकले जाऊ शकते, आणि जोडणी पूर्ववत झाल्यावर ज्या नोंदीचा वेळशिक्का नंतरचा तीच टिकून दुसरी मुकाट्याने पुसली जाते. सर्व यंत्रांची घड्याळे आधी जुळवून घ्यावीत, ते याचसाठी.

अखेर मी अर्जाचा नाद सोडला आणि समितीसमोरच चाचणी-संचाची जोडणी फायरवॉलमधून बंद केली. ‘आवश्यक प्रती 4, जिवंत 3’ अशा अर्थाची त्रुटी पडद्यावर उमटताच मी तिकीट-विभागाच्या प्रमुखांना विचारले, “अशा वेळी विक्री थांबवायची, की एक आसन दोघांना गेले तरी चालेल?” त्यांनी क्षणात सांगितले, “थांबवा.” हा प्रश्न अर्जातच छापलेला असता, तर सर्वांचाच वेळ वाचला असता.

आसनासाठी आम्ही ‘रिकामे असेल तरच लिही’ अशी सशर्त नोंद घेतली, कारण नुसत्या क्वोरमने दोघांना एकाच वेळी आसन रिकामे दिसणे टळत नाही. ती संथ आहे, पण आसनापुरती परवडते. बसचे ठिकाण दाखवण्यास एका प्रतीचे उत्तर पुरते. जोडणी तीन तासांहून अधिक काळ तुटलेली राहिल्यास, कॅसँड्राच्या मूळ मांडणीत पलीकडच्या यंत्रासाठी राखून ठेवायच्या नोंदी साठवणे थांबते, तेव्हा नंतर ‘रिपेअर’, म्हणजे प्रती एकमेकींशी जुळवून घेणारा आदेश, आवर्जून चालवावा.