वरंध्याच्या वरचा विंचू, खालचा विंचू

वरंधा घाट उतरून महाडकडे निघालो तेव्हा जूनचा पहिला आठवडा होता. पावसाचा पत्ता नव्हता आणि शर्ट पाठीला चिकटलेला. सोबत भाचा, प्राणिशास्त्राचा विद्यार्थी. आदल्या रात्री भोरजवळच्या माळावर विंचवांसाठी दगड उलथून झाले होते, आता कोकणातल्या जांभ्याच्या गडग्यांची पाळी.

अंधार पडला तशी त्याने अतिनील बॅटरी लावली; तिच्या प्रकाशात विंचू चमकतात. सगळा गडगा काळाठिक्कर आणि एका फटीत हिरवट-निळं काहीतरी पेटलेलं. तांबडा विंचू! चिमटे बारीक, शेपूट जाड.

ज्यांच्याकडे उतरलो होतो त्या काकू पडवीतून म्हणाल्या, "इंगळी परवडली, नुसती ठणकते. हा माणूस नेतो." महाडात हे बोलणं पोकळ नाही. या दंशाने हृदयावर काय ओढवतं ते डॉ. हिंमतराव बावस्करांनी याच भागात रुग्ण तपासून टिपलं, १९८२ मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात मांडलं आणि पुढे प्राझोसिन हे रक्तदाबाचं औषध देऊन कितीतरी जीव वाचवले.

"मामा, घाटावरचा आणि हा दिसायला सारखेच, पण विषात फरक आहे," भाचा म्हणाला. कोकण आणि दख्खनच्या विंचवांच्या विषातली प्रथिनं जुळत नाहीत, हे २००७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसलंय. मग नातं किती जवळचं? त्यासाठी तो विंचवाचा एक पाय कापून अल्कोहोलच्या कुपीत टाकतो. पुढे प्रयोगशाळेत मायटोकाँड्रियाच्या, म्हणजे पेशीतल्या ऊर्जाघराच्या, डीएनएचा ठरावीक तुकडा वाचायचा आणि दोन्हीकडचे बदल मोजायचे. विषाची जनुकं मात्र पेशीकेंद्रकात असतात. म्हणजे या तुकड्यातून नातं कळतं, विष नाही. मला हे उमगायला दोन चहा लागले.

तेवढ्यात गडग्याच्या बुडाशी एक मादी दिसली. पाठीवर पांढुरक्या पिल्लांची दाटी. विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर म्हणतात ते आयुष्यात पहिल्यांदा डोळ्यांनी पाहिलं. मी कुपी पुढे केली.

"पिल्लांचे पाय नकोत," भाचा म्हणाला. "आईचा एक पुरे. मायटोकाँड्रिया आईकडूनच येतो, सगळ्यांचा तोच."

"आणि बापाचा?" काकूंनी विचारलं.

"या हिशेबात बाप नाहीच, काकू."

काकूंनी आत डोकावून हाक मारली, "अहो, ऐकलंत का?"