दोन पानी ब्योबू: बिजागऱ्या झाल्या, वर्ख लागला, आता निळा

ब्योबूची, म्हणजे घडीच्या जपानी पडद्याची, दोन्ही पानं अखेर एकमेकांना जोडली गेली. प्रत्येक पान ६० बाय ३० सेंमी, आत पाइनच्या पट्ट्यांची जाळी आणि वर दोन्हीकडून कागदाचे थर. सुतारमामा दर खेपेला म्हणायचे, "अहो, एवढ्याशा कामाला प्लाय कापून देतो की!" पण वाळताना कागद ओढ घेतो. जाळीला दोन्ही बाजूंनी सारखी ओढ बसते, पान सरळ राहतं आणि वजनही होत नाही.

कागदाच्या थरांतली खरी गंमत वरच्या थरात आहे. छोटे तुकडे फक्त चारी कडांना खळ लावून बसवायचे, मधे पोकळ ठेवायचं. चित्र या पोकळ थरावर बसतं, म्हणून हवेतली ओल कमीजास्त झाली तरी ते फाटत नाही आणि पुढेमागे डागडुजीसाठी सोडवूनही घेता येतं. माझ्या ब्योबूची डागडुजी करायला कोण येतंय, तरी पोकळ थर घातलाच. खळ गव्हाच्या सत्त्वाची, पातळ. पावसाळ्यात ती लागेल तेवढीच शिजवा, उरलेली लगेच आंबते.

आता बिजागरी. पितळेची नाही, कागदाचीच. पानाच्या उंचीचे मी १२-१२ सेंमीचे पाच भाग पाडले. पहिली पट्टी डाव्या पानाच्या पुढच्या बाजूला चिकटते, सांध्यातून आरपार जाते आणि उजव्या पानाच्या मागे चिकटते. दुसरी नेमकी उलट, डाव्याच्या मागून उजव्याच्या पुढे. अशा आलटून पालटून. वाळेपर्यंत सांध्यात पातळ पुठ्ठा ठेवायचा, नाहीतर वरचा कागद चढल्यावर घडी आवळते. झाल्यावर पान पुढेही पूर्ण मिटतं आणि मागेही, शिवाय मधे फट दिसत नाही.

या फटीवरच सगळं अडलं होतं. जुन्या ब्योबूत प्रत्येक पानाला जरीकापडाची चौकट असायची आणि पानं दोऱ्यांनी बांधलेली असायची, म्हणजे चित्र पानापानाला तुटणार. साधारण १४व्या शतकापासून कागदी बिजागऱ्या रुळल्या आणि सगळ्या पानांवरून एकच चित्र सलग वाहू लागलं. जपानी चित्रकार ओगाता कोरिनची (१६५८–१७१६) आयरिस फुलं त्याशिवाय शक्यच नव्हती. तोक्योच्या नेझू संग्रहालयातली त्याची सहा-सहा पानांची जोडी मी फक्त छापील चित्रांत पाहिली आहे, आणि माझं मत असं की छापील चित्रात ब्योबू कळत नाही. तिथे तो सपाट ताणलेला असतो. उभा केला की एक पान पुढे येतं, शेजारचं मागे जातं, एकावर उजेड पडतो, दुसरं अंधारतं. फुलांचा झुपका घडीवर ठेवला तर तो दुमडतो, पानाच्या मधोमध ठेवला तर नुसता चिकटवल्यासारखा दिसतो. मी रिकाम्या पानांवर कापलेले कागदी झुपके टाचून, ब्योबू उभा करून, जमिनीवर बसून पाहिलं. बसूनच पाहायचं, कारण तातामी चटईवर बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या पातळीसाठी हे सगळं मांडलेलं असतं. आणि उजवीकडून डावीकडे. आता मोठा झुपका उजव्या पानावरून घडी ओलांडून डावीकडे उतरतोय.

कागदी झुपके कापण्यात कोरिनचीच उचल आहे. नेझूच्या जोडीत काही झुपके हुबेहूब पुन्हा येतात, त्यामुळे त्याने कापलेला साचा (स्टेन्सिल) वापरला असावा असं मानतात.

वर्ख मात्र पितळी मिश्रधातूचा, बाजारात मिळतो तो. जपानचा जवळजवळ सगळा सोन्याचा वर्ख कानाझावा शहरात बनतो आणि त्याचा नेहमीचा चौकोन १०.९ सेंमीचा असतो, म्हणून माझाही त्याच मापात कापून घेतला. एकमेकांवर चढलेल्या कडांची जाळी त्यामुळे योग्य प्रमाणात दिसते. पंखा बंद, खिडक्या बंद, श्वास जपून. पितळी वर्ख काळवंडतो, वरून लेप हवाच.

रंगाचं काम नुकतंच सुरू झालंय. नेझूच्या आयरिसमध्ये रंग दोनच, अझुराइट या खनिज दगडाचा निळा आणि मॅलाकाइट या दगडाचा हिरवा. बाह्यरेषा नाही. दगडाचा कण जितका जाड तितका निळा गडद, बारीक कुटला की तोच फिकट आकाशी होतो. जपानी रंगांच्या डब्यांवरचे आकडे हे कणांचेच, आकडा जितका मोठा तितका कण बारीक. लघुचित्रांतल्या सवयीने डिंकात कालवून पाहिला. जाड कण वाळल्यावर बोटाला लागतात. इथे सरसच पाहिजे. सुतारी सरस तपकिरी पडतो, म्हणून पांढरं जिलेटिन घेतलं, गरम पाण्यात वाटी ठेवून वितळवलं. उकळू द्यायचं नाही, चिकटपणा जातो. पाकळीवर दोन हात झालेत आणि कडेने उजेड आला की पृष्ठभाग मखमली दिसतो.

पुढचा बेत नाम्बान पडद्यांचा, म्हणजे जपानला आलेले युरोपीय दाखवणाऱ्या ब्योबूंचा आहे. गोवा-मकाव मार्गाने नागासाकीला येणारी पोर्तुगीज जहाजं, छत्रीखाली चालणारा कप्तान, छत्री धरणारे सावळे नोकर. जपानमधल्या कोबेच्या संग्रहालयातल्या चित्रकार कानो नाइझेनच्या जोडीत हत्तीसुद्धा आहे. पण त्याला सहा पानं लागतील, म्हणजे आधी पाच सांधे.

तोवर एक विचारणा: जाड कणांचा अस्सल अझुराइट भारतात कोणाकडून मिळतो? माझ्याकडचा उजव्या पानापुरताच आहे, आणि रंगवलेला कृत्रिम चुरा मला नको.