मोच्या टाय आणि थेल्मा रिटर

रात्रीचा एक वाजून गेलाय आणि झोप काही येत नाहीये. आज परत 'पिकअप ऑन साउथ स्ट्रीट' लावला, सॅम्युएल फुलरचा, १९५३ चा. हिरो रिचर्ड विडमार्क आहे, स्किप नावाचा खिसेकापू, कम्युनिस्ट हेरांची भानगड आहे, सगळं आहे, पण मी आता तो बघते ते फक्त थेल्मा रिटरसाठी.

ती यात मो झालीये. न्यूयॉर्कच्या रस्त्यांवर टाय विकणारी, वय झालेली बाई, आणि जोडीला पोलिसांना खिसेकापूंची खबर विकते. कशासाठी, तर लाँग आयलंडवर स्वतःच्या दफनासाठी जागा घ्यायचीये म्हणून. बेवारशांच्या दफनभूमीत जायचं नाही एवढंच तिचं म्हणणं. माझी आजी पितळी डब्यात 'शेवटच्या खर्चाचे' म्हणून पैसे वेगळे ठेवायची, त्यामुळे मो मला पहिल्यापासूनच घरातली वाटली.

आणि तो सीन. रात्री दमून खोलीवर येते, ग्रामोफोनवर रेकॉर्ड लावते, आणि बघते तर पिस्तूलवाला येऊन बसलाय, त्याला स्किपचा पत्ता हवाय. एरवी पैसे घेऊन पत्ता विकणारी ही बाई याला मात्र सांगत नाही. मी इतकी थकलेय की मारलंस तर उपकारच होतील, असं म्हणते. रडत नाही, आवाज चढवत नाही, दिवसभर उभं राहून पाय भरून आल्यावर माणूस जसं बोलतं ना, अगदी तसं. कॅमेरा तिच्यावरून सरकत ग्रामोफोनकडे जातो आणि गोळीचा आवाज येतो. मी हा सीन किती वेळा बघितलाय, पण आजही घशात आवंढा आलाच.

याच्यासाठी तिला ऑस्करचं नॉमिनेशन होतं, सहाय्यक अभिनेत्रीचं, मिळालं डोना रीडला. १९५० ते ५३ लागोपाठ चार वर्षं नॉमिनेशन, नंतर 'पिलो टॉक' आणि 'बर्डमन ऑफ अल्काट्राझ' धरून एकूण सहा, आणि एकदाही मिळालं नाही. मला याचं खरंच वाईट वाटतं. 'द मेटिंग सीझन'मध्ये तर सून सासूलाच स्वयंपाकीण समजते आणि ती तशीच मुलाच्या घरात राबत राहते, आख्खा पिक्चर तिच्या जिवावर चाललाय, तरी नॉमिनेशन सहाय्यकच!

ब्रुकलिनची मुलगी, नाटकाचं रीतसर शिक्षण घेतलेली, मग लग्न, दोन मुलं, मध्ये कामच बंद, मग रेडिओ. पहिला पिक्चर १९४७ चा, 'मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट', तेव्हा पंचेचाळिशीची होती. मुलाला हवी ती बंबाची गाडी दुकानादुकानात शोधून पार दमलेली आई, रोल एवढासा, श्रेयनामावलीत नावसुद्धा नाही. पण लोकांनी ते दमणं ओळखलं असणार, कारण तिथून पुढे कामं येतच गेली.

आणि तिचे हात रिकामे नसतात हे आज नीट लक्षात आलं. 'रिअर विंडो'मध्ये ती नर्स आहे, जेम्स स्टुअर्टची पाठ चोळता चोळता त्याला चार गोष्टी सुनावते. चोळणं थांबत नाही आणि बोलणंही. 'ऑल अबाउट ईव्ह'मध्ये बेटी डेव्हिसची कामवाली, गोड बोलून घरात शिरलेल्या ईव्हवर सगळ्यात आधी संशय येतो तो हिलाच, आणि मग अर्ध्यातूनच ती पिक्चरमधून गायब होते, मला ते अजूनही खटकतं, तिला शेवटपर्यंत ठेवायला हवं होतं.

फुलरने मात्र मोला तसं सोडलं नाही. तिची शवपेटी बाकीच्या बेवारस पेट्यांबरोबर बोटीवर चढलेली असते, स्किप तिथे जातो, ती शोधून मागून घेतो, तिला नीट पुरायचं म्हणून. दोन मिनिटांचासुद्धा सीन नसेल. तिथेच पॉज करून बसलेय मघापासून.